हंटिंग्डनशायरचा लाकडी नकाशा : प्रकल्प नोंदी

१२ जानेवारी

सप्टेंबरमधल्या हेरिटेज ओपन डेजला, म्हणजे इथल्या वारसा-उत्सवाला, आमच्या रविवारच्या मराठी वर्गासाठी एक टेबल मिळालंय. दरवेळी आपण रांगोळी आणि फराळ मांडतो. यंदा आपण राहतो त्या भूमीबद्दल काहीतरी करावं, असं मी सुचवलं आणि अर्थातच काम माझ्याकडे आलं. इंग्लंडमधल्या या सेंट आइव्ह्ज गावात राहून मला नऊ वर्षं झाली. हंटिंग्डनशायर हे नाव रोज पाट्यांवर वाचते, पण या जुन्या काउंटीचा आकार डोळे मिटून काढता येणार नाही. मुलांना तर नाहीच नाही.

करायचं ठरलंय ते असं : जुन्या हंटिंग्डनशायरचा उठावाचा लाकडी नकाशा, नावं मराठीत. प्रमाण १ : ५०,०००, म्हणजे एका किलोमीटरला दोन सेंटिमीटर. उत्तर-दक्षिण साधारण ९० सेंटिमीटर आणि पूर्व-पश्चिम ७२. इंग्लंडच्या जुन्या काउंट्यांत हा तिसरा सर्वांत छोटा. त्याहून लहान फक्त रटलंड आणि मिडलसेक्स. क्षेत्रफळ सुमारे ३६६ चौरस मैल.

उंचीचं गणित करायला बसले तेव्हा अडचण कळली. सर्वांत उंच जागा पश्चिमेला कॉव्हिंग्टनजवळ, तीही सुमारे ८० मीटर. खऱ्या प्रमाणात ही उंची भरते १.६ मिलिमीटर. पोस्टकार्डांची छोटी चळत! मग दर दहा मीटरला तीन मिलिमीटर प्लायचा एक थर धरला. त्यामुळे उंची पंधरापट फुगते आणि डोंगर येतो २४ मिलिमीटरचा. ते चालेल. पण पूर्वेकडची जमीन समुद्रसपाटीच्याही खाली आहे, तिथे थर चढवायचाच नाहीये. तिथे पायाच्या फळीत उलटं कोरावं लागेल. सगळं लक्ष तिकडे लागून राहिलंय.

१९ जानेवारी

वर्गातल्या पालकांशी फोनवर दीड तास. विषय एकच, ‘काउंटी’ला काय म्हणायचं. ‘जिल्हा’ म्हटलं तर आजच्या प्रशासकीय डिस्ट्रिक्टशी गल्लत होते आणि इथे नेमकी तीच टाळायची आहे. एका मुलीचे आजोबा पुण्याहून आलेत, ते म्हणाले, “अहो, सरळ परगणा म्हणा की. जुना महसुली विभाग, ज्याचं काम संपलं तरी नाव राहिलं.” सगळ्यांना पटलं. परगण्याखालचे इथले चार ‘हंड्रेड’ होते : हर्स्टिंगस्टोन, लेटनस्टोन, नॉर्मन क्रॉस आणि टोझलँड. त्यांना आजोबांच्याच सल्ल्यानं ‘तर्फ’ म्हणायचं ठरलं. खारेपाटातल्या माझ्या माहेरच्या जुन्या कागदांत ‘तर्फ’ हा शब्द कितीतरी वेळा वाचलाय, पण इंग्लंडच्या नकाशावर लिहीन असं वाटलं नव्हतं.

‘फेन’वर, म्हणजे पूर्वेकडच्या त्या सखल, पाणी काढून टाकलेल्या जमिनीच्या नावावर, मात्र एकमत झालं नाही. दलदल म्हणावं तर तिथे आज गहू आणि बटाटे पिकतात. पाणथळ म्हणावं तर अर्धं खरं. खाजण म्हणावं तर ते खाऱ्या पाण्याचं, आणि इथलं पाणी गोडं. ‘फेन’ तसंच ठेवलं तर मराठीत त्याचा अर्थ फेस! तरीही तसंच ठेवलं आणि टिपेत सांगायचं ठरवलं.

२ फेब्रुवारी

मोठी चूक झाली. पायाची फळी आणि पहिले दोन थर कापून झाल्यावर लक्षात आलं की मी आजच्या डिस्ट्रिक्टची हद्द गिरवली आहे.

नावानं फसवलं. १९६५ मध्ये हंटिंग्डनशायर आणि पीटरबरोचा सोक (पीटरबरो शहराभोवतीचा, स्वतंत्र कारभाराचा भाग) एकत्र करून ‘हंटिंग्डन अँड पीटरबरो’ नावाची नवी काउंटी केली. १९७४ मध्ये तीही मोडून सगळं केंब्रिजशायरमध्ये घातलं. तिथे एका डिस्ट्रिक्टला हंटिंग्डन हे नाव दिलं आणि १९८४ मध्ये ते पुन्हा हंटिंग्डनशायर केलं. नाव परत आलं, पण हद्द तीच परत आली नाही. उत्तरेकडचं ओल्ड फ्लेटन आता पीटरबरोत आहे. दक्षिणेला सेंट नीट्सच्या नदीपलीकडचं ईटन सोकन १९६५ पर्यंत बेडफर्डशायरमध्ये होतं, ते माझ्या फळीवर मात्र दिमाखात बसलंय.

फ्लेटन सोडणं शक्यच नाही. तिथल्या ऑक्सफर्ड क्ले नावाच्या चिकणमातीत इतका जैविक अंश आहे की वीट भट्टीत गेली की बरीचशी स्वतःच्याच जळणावर भाजली जाते. कोळसा कमी लागतो, म्हणून ही वीट स्वस्त पडली आणि ‘फ्लेटन’ हे त्या विटेचंच नाव झालं. लंडनची किती घरं या मातीतून उठलीत!

शेजारी एक निवृत्त सुतार राहतात, त्यांच्या शेडमध्ये हे काम चाललंय. त्यांनी कापलेले तुकडे पाहिले, पेन्सिल कानामागे खोवली आणि नवी फळी काढली. रागावले नाहीत. त्यांचं बालपण १९७४ पूर्वीचं. पत्त्यात अजून ‘हंट्स’, हे हंटिंग्डनशायरचं लघुरूप, लिहितात.

नवी हद्द १८८०च्या दशकातल्या ऑर्डनन्स सर्व्हे या सरकारी नकाशा खात्याच्या, मैलाला सहा इंच मापाच्या नकाशांवरून घेतली. त्यात एक मजेशीर तुकडा हाती लागला. स्वाइन्सहेड हे गाव हंटिंग्डनशायरचं, पण बसलंय बेडफर्डशायरच्या पोटात. १८९६ मध्ये ते बेडफर्डशायरला दिलं आणि टिलब्रुक इकडे घेतलं. मी जुनीच स्थिती ठेवतेय. स्वाइन्सहेडचा सुटा तुकडा मुख्य नकाशापासून बोटभर लांब बसेल.

१६ फेब्रुवारी

नावं देवनागरीत. स्पेलिंग पाहून लिहायचं नाही, लोकांच्या तोंडून ऐकून लिहायचं, हा नियम केला. Holme मधला ‘ल’ उच्चारत नाहीत, म्हणून ‘होम’. नदी ‘ऊझ’. गाव ‘सेंट नीट्स’. गॉडमँचेस्टरला पूर्वी लोक ‘गमस्टर’ म्हणत. ते कंसात घालणार, कारण ते विसरलं जातंय.

...हे काय लिहून गेले! वर एक इंग्रजी स्पेलिंग राहिलं. नकाशावर हे होता कामा नये : मी मुलांना सांगितलंय की रोमन लिपीतलं एकही अक्षर नाही. वहीत खोडून ‘होल्मे असं दिसतं, होम असं म्हणतात’ एवढंच ठेवते.

आज मुलांना सर्वांत आवडलं ते नावांच्या शेपटाचं. रॅम्झी, विटल्सी यांतला शेवटचा ‘ई’ म्हणजे जुन्या भाषेत बेट. मुलांनी नकाशावर ‘ई’ शोधून लाल टिकल्या लावल्या. रॅम्झी कोरड्या जमिनीवर आहे आणि भोवती मैलोन् मैल सपाट शेत, मग बेट कसलं? एका मुलानं विचारलं, “मावशी, पण पाणी कुठंय?” उत्तर द्यायला घाई केली नाही. पुढच्या महिन्यात सगळ्यांना होम फेनला नेते.

९ मार्च, होम फेन

थंडी, पण ऊन होतं. पाच मुलं, तीन पालक, आजोबा आणि मी.

होम फेन आता जंगल आहे. चंदेरी सालीच्या बर्च झाडांचं एवढं मोठं बन इंग्लंडच्या सखल भागात दुसरं नाही. पायाखाली काळी, स्पंजासारखी जमीन. उडी मारली की बाजूला उभ्या माणसालाही हादरा कळतो. मुलांनी हे दहा मिनिटांत शोधून काढलं आणि मग उड्याच उड्या.

झाडांमध्ये एक लोखंडी खांब उभा आहे, होम पोस्ट. १८५१ मध्ये तो पीटमधून, म्हणजे या काळ्या स्पंजासारख्या मातीतून, खाली घट्ट चिकणमातीपर्यंत रोवला. लंडनच्या क्रिस्टल पॅलेसचा तो खांब, असं इथे सांगतात. रोवला तेव्हा त्याचं टोक जमिनीच्या बरोबरीला होतं. आज ते टोक माझ्या डोक्याच्या कितीतरी वर आहे, चार मीटरच्या आसपास. खांब वर आलेला नाही. जमीन खाली गेली. १९५७ मध्ये जवळच दुसरा खांब उभारला आणि पोलादी तारांचा आधार दिला, कारण मुळातला आता कशात रोवलेला आहे म्हणावं तर फारसं काही उरलेलं नाही.

आजोबा खांबाजवळ बराच वेळ उभे होते. मग त्यांनी आपली काठी उभी धरून मोजायचा प्रयत्न केला. साडेचार काठ्या भरल्या.

जमीन का खचली, हे मुलांना असं सांगितलं : पीट म्हणजे हजारो वर्षं पाण्याखाली साचलेला पालापाचोळा, शेवाळ, लव्हाळी. पाण्यात हवा नाही, म्हणून तो कुजत नाही, नुसता साठत राहतो. पाणी काढून टाकलं की आधी तो पिळलेल्या स्पंजासारखा आकसतो. मग त्यात हवा शिरते, जिवाणू कामाला लागतात आणि तो हळूहळू कार्बन डायऑक्साइड होऊन उडून जातो. उरलेला सुकून पीठ होतो आणि वसंतात वारा सुटला की काळ्या धुळीचं वादळ होऊन जातो. त्याला ‘फेन ब्लो’ म्हणतात. पहिली घसरण सर्वांत वेगाची होती, दहा वर्षांतच दीड मीटरच्या आसपास.

इथली जमीन समुद्रसपाटीखाली २.७५ मीटर आहे. ग्रेट ब्रिटनमधली सर्वांत खोल जागा. आणि भोवतालच्या नद्या, चर सगळे वरून वाहतात, बांधांमधून. मला हे समजायला वेळ लागला नाही. खारेपाटात भरतीला समुद्र आमच्या भाताच्या खाचरांपेक्षा उंच असायचा. रात्री बांधाला खांड पडली की अख्खं गाव कंदील घेऊन धावायचं. उघाडीचं, म्हणजे बांधातलं पाणी सोडायचं-अडवायचं, दार कोणी नीट लावलं, कोणी नाही, यावर पावसाळाभर भांडणं. इथे आता उघाडीच्या जागी पंप आहेत. पंप थांबले तर काय होईल, हे मुलांनी न विचारताच ओळखलं.

१० मार्च

काल परत येताना गाडीत “पाणी कुठंय?”चं उत्तर दिलं. इथेही लिहून ठेवते, कारण नकाशाचा जीव याच ठिकाणी आहे.

होम फेनच्या उत्तर-पूर्वेला विटल्सी मिअर नावाचं सरोवर होतं. दक्षिण इंग्लंडच्या सखल प्रदेशातलं सर्वांत मोठं. उथळ, पण उन्हाळ्यातही सुमारे १,६०० एकर, आणि हिवाळ्यात त्याच्या जवळपास दुप्पट पसरायचं. १६९७ मध्ये सेलिया फाइन्स ही प्रवासवर्णनं लिहिणारी बाई घोड्यावरून इथून गेली आणि तिनं त्याचं वर्णन लिहून ठेवलंय. उन्हाळ्यात शिडाच्या होड्यांच्या शर्यती, हिवाळ्यात गोठलेल्या पाण्यावर स्केटिंग, वर्षभर मासेमारी, पाणपक्षी आणि छपरासाठी लव्हाळी. काठच्या माणसाचं पोट या पाण्यावर होतं.

विल्यम वेल्स या होमच्या जमीनदारानं आणि त्याच्या भागीदारांनी ते उपसायचं ठरवलं. १८५० मध्ये बांध फोडून बरंचसं पाणी सोडलं. लोक टोपल्या आणि गाड्या घेऊन आले आणि चिखलात तडफडणारे मासे भरून नेले. उरलेलं पाणी काढलं ॲपोल्डच्या सेंट्रिफ्युगल पंपानं. १८५१च्या लंडनच्या महाप्रदर्शनात हाच पंप नवल म्हणून मांडला होता. १८५२ मध्ये बांध फुटला आणि सरोवर एकदा परत आलं. पुन्हा पंप लावला, पुन्हा कोरडं. त्यानंतर गहू.

चिखलातून काय काय निघालं! मठांच्या बांधकामासाठी नेताना होड्यांतून बुडालेले बार्नॅकच्या खाणीतल्या दगडाचे ठोकळे. आणि रॅम्झी मठाचा चांदीचा, सोन्याचं पाणी दिलेला धूपदाण. ९६९ मध्ये स्थापन झालेला हा मठ आठव्या हेन्रीच्या काळात, १५३९ मध्ये बरखास्त झाला. त्याचे दगड केंब्रिजच्या कॉलेजांच्या भिंतींत गेले. धूपदाण मात्र सरोवरानं तीनशेहून अधिक वर्षं सांभाळला असावा.

नकाशावर १,६०० एकर म्हणजे अवघे २६ चौरस सेंटिमीटर, मुलांच्या तळहाताहून लहान. तेवढी जागा खोल कोरायची आणि निळ्या ॲक्रिलिकचा बरोब्बर बसणारा तुकडा करायचा. बसवला की १८५०, काढला की आज. कोणीही उचलावा.

३० मार्च

नद्या कोरल्या. ऊझ सेंट नीट्सजवळ शिरते, वळणं घेत हंटिंग्डन, सेंट आइव्ह्जवरून इअरिथला जाते. तिथून पुढे तिला वळणंच उरलेली नाहीत. कॉर्नेलियस व्हर्मायडन या डच अभियंत्यानं बेडफर्डच्या अर्लसाठी आणि पैसे गुंतवणाऱ्या मंडळींसाठी इअरिथपासून सरळ रेषेत २१ मैलांचा कालवा काढला, १६३७ मध्ये. १६५१ मध्ये शेजारी आणखी एक, शंभर फूट रुंद. दोन्हींच्या मधला पट्टा हिवाळ्यात मुद्दाम बुडू देतात. पट्टी ठेवून कोरताना हात थरथरला नाही, इतकी ती रेघ सरळ आहे. आमच्या नकाशावर तिचा फक्त आरंभ येतो, बाकी सगळी परगण्याबाहेर.

गुंतवणूकदारांना बदल्यात जमीन मिळाली. ज्यांचं चराऊ रान आणि मासे गेले त्यांनी बांध फोडले, दंगे केले. सरोवर उपसण्याच्या दोनशे वर्षं आधीचं हे. मुलांच्या टिपेत दोन ओळी तरी हव्यातच.

पूल तीन करायचे होते, वेळेअभावी एकच केला, आपल्या गावचा. सेंट आइव्ह्जचा दगडी पूल १४२०च्या दशकात पूर्ण झाला आणि त्याच्या मधोमध, पाण्यावर, छोटं प्रार्थनागृह आहे. पुलावरची अशी प्रार्थनागृहं इंग्लंडमध्ये चारच उरलीत. सहा कमानींपैकी चार टोकदार आणि दक्षिणेच्या दोन गोल. यादवी युद्धात, १६४५ मध्ये, राजाचं सैन्य येऊ नये म्हणून त्या दोन पाडून तिथे उचलता पूल लावला होता. १७१६ मध्ये परत बांधल्या त्या गोल. रोज या पुलावरून दूध आणायला जाते आणि नऊ वर्षं हा फरक दिसला नव्हता. कमान कापताना दिसला.

२५ एप्रिल

परगण्याचा दिवस. हिरव्यावर सोनेरी शिंग असलेला झेंडा बाजारात लागलेला. २००९ मध्ये तो अधिकृतपणे नोंदला गेला. तारीख निवडली ती ऑलिव्हर क्रॉमवेलच्या जन्माची, २५ एप्रिल १५९९, हंटिंग्डन.

मुलांना घेऊन हंटिंग्डनच्या क्रॉमवेल म्युझियमला गेले. इमारत म्हणजे मध्ययुगीन रुग्णालयाचा उरलेला भाग. नंतर तिथे शाळा झाली आणि त्या शाळेत आधी क्रॉमवेल शिकला, काही वर्षांनी सॅम्युअल पेप्सही. एकाच शाळेतला एक राजाचा शिरच्छेद घडवणारा, दुसरा त्यानंतरच्या काळाची रोजनिशी लिहिणारा. खोली आमच्या मराठी वर्गाच्या हॉलपेक्षा लहान आहे!

क्रॉमवेल १६३१ ते १६३६ सेंट आइव्ह्जला शेती करत होता. बाजारातला त्याचा पुतळा १९०१ चा. आयर्लंडमध्ये त्याच्या सैन्यानं केलेल्या कत्तलींबद्दलही मुलांना सांगितलं. एका आईला वाटलं इतक्या लहान मुलांना नको. मला वाटतं, पुतळ्याखालून रोज जाणाऱ्या मुलाला ते ठाऊक असायला हवं. टिपेत दोन्ही येईल.

११ मे, वुडवॉल्टन फेन

आज जे सापडलं त्यानं झोप लागेना.

वुडवॉल्टन फेन हा उपसण्यातून वाचलेला तुकडा. १९१० मध्ये चार्ल्स रॉथ्सचाइल्डनं तो विकत घेतला, पुढच्या वर्षी तिथे खांबांवर उभं छोटं घर बांधलं आणि १९१९ मध्ये सगळं निसर्गरक्षणासाठी देऊन टाकलं. इंग्लंडमधल्या अगदी सुरुवातीच्या राखीव रानांपैकी हे. ते घर अजून उभं आहे. लव्हाळ्याच्या छपराचं, पाण्यावर उचललेलं. लार्ज कॉपर नावाचं तांबूस-केशरी फुलपाखरू या फेनमध्ये होतं. सरोवर उपसलं गेलं त्याच सुमारास ते ब्रिटनमधून नाहीसं झालं. १९२७ मध्ये हॉलंडची जात इथे आणून सोडली, पण शेवटी टिकली नाही.

एवढं माहीत होतं. नवीन ते पुढचं. हा रॉथ्सचाइल्ड पिसवांचा अभ्यासक होता. १९०३ मध्ये त्यानं ‘झेनोप्सिला चिओपिस’ या पिसवेचं पहिलं शास्त्रीय वर्णन केलं. उंदरावरची ही पिसू. मुंबईत १८९६ मध्ये प्लेग आला आणि पुढच्या वर्षी पुण्यात. सावित्रीबाई फुले त्याच साथीत, रोग्यांची सेवा करताना, १० मार्च १८९७ रोजी गेल्या. प्लेग पसरतो कसा, याचं कोडं सुटलं ते परळच्या प्रयोगशाळेत. १९०५ पासून तिथल्या प्लेग आयोगानं उंदीर, गिनीपिग आणि पिसवा यांच्यावर प्रयोग केले आणि दाखवून दिलं की वाहक आहे ती हीच पिसू. परळची ती संस्था म्हणजे आजची हाफकिन.

माझ्या पणजीची दोन भावंडं त्या वर्षांत गेली. घरात एवढंच सांगतात, ‘गाठ आली’. ज्या माणसानं त्या पिसवेला नाव दिलं, त्याच्या लाकडी घराच्या ओसरीसमोर मी आज डबा उघडून पोळीभाजी खाल्ली.

नकाशावर वुडवॉल्टनला एक छोटं खांबांवरचं घर. टिप मोठी होईल. होऊ दे.

८ जून

शेडमध्ये ओल लागून पूर्वेचा तिसरा थर फुगला. काढला, वजनाखाली ठेवला, चार दिवस गेले.

२९ जून

टिपा संपेनात. प्रत्येक गावाला गोष्ट आहे आणि टेबल एकच. म्हणून भरभर निर्णय :

किंबोल्टन राहील. आठव्या हेन्रीनं दूर केलेली कॅथरिन राणी ७ जानेवारी १५३६ रोजी तिथल्या गढीत वारली. स्टिल्टनलाही एक ओळ. ते चीज या गावच्या खाणावळीत उत्तरेच्या हमरस्त्यावरच्या प्रवाशांना विकून नावारूपाला आलं, आणि आजच्या नियमांनुसार या गावात ते बनवताच येत नाही. नॉर्मन क्रॉसचा फ्रेंच युद्धकैद्यांचा तळ, १७९७ चा, राहील. कैद्यांनी जेवणातल्या हाडांपासून कोरलेली जहाजं पीटरबरोच्या संग्रहालयात पाहिलीत. इतकं बारीक काम उपाशी हातांनी!

वॉरबॉइजचं ठेवावं की नाही यावर अडले होते. १५९३ मध्ये तिथली म्हातारी ॲलिस सॅम्युअल, तिचा नवरा आणि मुलगी, तिघांना चेटूक केल्याच्या आरोपावरून फाशी दिलं. आरोप करणारी होती शेजारच्या श्रीमंत घरातली मुलं. ठेवलं. टोकाला लहानशी काळी टिकली, नाव पूर्ण लिहून.

२० जुलै, लंडन

व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियम. रॅम्झीचा धूपदाण काचेआड आहे. चौदाव्या शतकातला. दगडी मंडपासारखा घडवलाय, खिडक्या, कमानी, शिखर सगळं चांदीत. सोबत धूप ठेवायची होडीच्या आकाराची डबी, आणि तिच्या दोन्ही टोकांना लाटांतून वर येणारी मेंढ्यांची डोकी. रॅम म्हणजे मेंढा, ‘ई’ म्हणजे बेट. गावाचं नावच सोनारानं घडवून ठेवलंय. फेब्रुवारीत लाल टिकल्या लावणारी दोघं बरोबर होती. त्यांना काही सांगावं लागलं नाही, काचेला नाक लावून स्वतःच ओरडली, “मेंढा आणि पाणी!” रखवालदार हसला.

१८ ऑगस्ट

रंग झाला. पश्चिमेचा चिकणमातीचा चढ पिवळसर, नदीकाठ हिरवा, फेन काळा. हंटिंग्डन आणि गॉडमँचेस्टरच्या मधलं पोर्टहोम कुरण वेगळ्या हिरव्यात. सुमारे १०० हेक्टरचं हे गवताचं रान शतकानुशतकं एकाच रीतीनं चालतं. उन्हाळ्यापर्यंत गवत वाढू द्यायचं, कापायचं, मग गुरं सोडायची. आजोबा म्हणाले, “म्हणजे आपलं राखण कुरणच.” शब्द टिपेत घेतला.

होम पोस्टचा प्रश्न राहिला होता. नकाशाच्या मापानं तो १.२ मिलिमीटर भरतो, दिसणारच नाही. सुतारकाकांनी एक-दशांश मापाचा खांब वेगळा करून दिला, ४० सेंटिमीटरचा. खाली आजची जमीन, टोकाला १८५१.

१४ सप्टेंबर

सकाळी दहा ते चार. नकाशा टेबलावर मावला, स्वाइन्सहेड बाजूला एकटं. मराठी नावं पाहून आधी लोक थबकायचे, मग आकार ओळखून आपलं गाव शोधायचे. देवनागरी येत नाही, तरी नदीच्या वळणावरून बरोबर बोट ठेवायचे. मुलं वाचून दाखवत होती. निळा तुकडा दिवसभरात इतक्या वेळा काढला-घातला की त्याच्या कडा घासल्या. दोनदा तो टेबलाखाली सापडला.

ग्रेट फेन प्रकल्पात काम करणारी एक तरुणी आली. २००१ पासून होम फेन आणि वुडवॉल्टन जोडून मधल्या शेतांत पुन्हा पाणी आणायचं काम चाललंय, एकूण सुमारे ३,७०० हेक्टरांवर. पीट ओला राहिला तर आकसणं थांबतं. तिनं निळा तुकडा हातात घेतला आणि विचारलं, “आणखी दोन-तीन छोटे करून द्याल?” कुठे बसवायचे ते तिनं पेन्सिलीनं दाखवलं.

तीनच्या सुमारास एक वृद्ध शेतकरी आले. रॅम्झीच्या बाजूचे. काही न बोलता काळ्या भागावरून हात फिरवला, मग एका जागी थांबले. म्हणाले, इथे माझं शेत. लहानपणी रस्त्यावरून गाडी सरळ शेतात न्यायचो, आता रस्ता वर राहिलाय आणि शेतात जायला उतार करावा लागला. नांगराला खालची निळसर चिकणमाती लागते. मग नकाशावर टकटक करून म्हणाले, तुम्ही हे फार उंच ठेवलंय.

बरोबर होतं त्यांचं. उंची मी जुन्या नकाशावरून घेतली होती.

१५ सप्टेंबर

त्यांच्या आयुष्यातला उतार साधारण मीटरभर धरला. पंधरापट फुगवलेल्या प्रमाणात तो येतो ०.३ मिलिमीटर. रंग खरवडून, बारीक काचकागदानं रॅम्झीच्या उत्तरेचा काळा भाग हलक्या हातानं खाली आणला. बोटाला काळी पूड लागली. परत रंग उद्या, आणि निळ्याचे तीन छोटे तुकडे परवा.